पार्श्वभूमी : तपास सीबीआयकडे जातो तेव्हा

'डिजिटल अरेस्ट'च्या (पोलीस असल्याचे भासवून व्हिडिओ कॉलवर 'अटक' झाल्याचे सांगायचे आणि पैसे उकळायचे) फसवणुकीचे देशभरातले गुन्हे तपासायला घ्या, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२५ मध्ये सीबीआयला सांगितले. निमित्त झाले हरियाणातल्या अंबाल्याच्या एका वृद्ध दाम्पत्याच्या तक्रारीचे. भामट्यांनी त्यांना चक्क सर्वोच्च न्यायालयाचेच बनावट आदेश दाखवून कोटीभर रुपये उकळले होते. न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली, ज्या राज्यांनी सीबीआयला संमती दिलेली नाही त्यांनी या गुन्ह्यांपुरती ती द्यावी असे बजावले आणि परदेशातल्या सूत्रधारांसाठी इंटरपोलची मदत घ्यायला सांगितले. एका राज्याच्या पोलिसांच्या हाताबाहेरचे काम म्हणून हा तपास वर्ग झाला. एरवी कारण वेगळे असते. स्थानिक पोलिसांवर किंवा त्यांच्यावर बसलेल्या सरकारवर न्यायालयाचा भरवसा उरत नाही.

न्यायालयाला असे मध्ये का पडावे लागते, याची मुळे सीबीआयच्या जन्मातच आहेत. दुसऱ्या महायुद्धात लष्करी खरेदीतली लाचखोरी शोधायला १९४१ मध्ये एक विशेष पोलीस पथक उभारले गेले. १९४६ मध्ये त्यासाठी दिल्ली विशेष पोलीस आस्थापना कायदा झाला आणि १ एप्रिल १९६३ रोजी गृह मंत्रालयाच्या एका ठरावाने सीबीआय अस्तित्वात आली. आजही तिचे अधिकार त्या १९४६ च्या कायद्यातूनच येतात. त्याचे सहावे कलम म्हणते की राज्याच्या हद्दीत तपास करायचा तर त्या राज्य सरकारची संमती हवी. राज्यघटनेने पोलीस हा विषय राज्यांकडे दिला असल्याने ते ओघानेच आले. पण संशय खुद्द राज्य सरकारवरच असेल तर ते संमती कशाला देईल?

बिहारच्या चारा घोटाळ्यात हा पेच उघडा पडला. जानेवारी १९९६ मध्ये चाईबासाच्या उपायुक्तांनी (म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांनी) पशुसंवर्धन खात्याच्या कार्यालयावर छापा घातला आणि खोट्या बिलांचा ढीग सापडला. जनावरे ट्रकमधून नेल्याची बिले होती. त्यावरचे गाडी क्रमांक पडताळले तर ते स्कूटरचे निघाले. मार्चमध्ये पाटणा उच्च न्यायालयाने तपास सीबीआयकडे दिला, सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम ठेवला आणि तपासावर उच्च न्यायालयाने देखरेख ठेवावी असेही ठरले. माझ्या मते, नुसत्या वर्ग करण्यापेक्षा त्या देखरेखीनेच जास्त काम केले. जुलै १९९७ मध्ये मुख्यमंत्री लालूप्रसाद यादव यांना पद सोडावे लागले.

राज्याच्या संमतीविना उच्च न्यायालय असा आदेश देऊ शकते का, या प्रश्नाचा कायमचा निकाल १७ फेब्रुवारी २०१० रोजी लागला. पश्चिम बंगालमधल्या गरबेटा हत्याकांडाचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठापुढे होते. घटनापीठ म्हणाले, देऊ शकते. कलम सहाचे बंधन केंद्र सरकारला आहे, घटनात्मक न्यायालयांना नाही. मात्र हा अधिकार अपवादात्मक परिस्थितीत आणि जपून वापरावा. ऊठसूट कुणी मागितले म्हणून तपास द्यायचा नाही. पुढे गुंतवणूकदारांना बुडवणारा शारदा चिटफंड घोटाळा (२०१४) आणि मध्य प्रदेशातला व्यापमं हा भरती-प्रवेश परीक्षांचा घोटाळा (२०१५) न्यायालयाच्याच आदेशाने सीबीआयकडे गेले. महाराष्ट्रात महाविकास आघाडी सरकारने ऑक्टोबर २०२० मध्ये सर्वसाधारण संमती (प्रत्येक प्रकरणात वेगळी न मागता चालणारी) काढून घेतली होती, तरी एप्रिल २०२१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तत्कालीन गृहमंत्री अनिल देशमुख यांच्यावरील आरोपांची प्राथमिक चौकशी सीबीआयला करायला लावलीच. सरकार बदलल्यावर २०२२ मध्ये संमती परत दिली गेली.

पण मराठी वाचकाला हा विषय खरा ठाऊक आहे तो तेलगीमुळे. बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूरचा अब्दुल करीम तेलगी बनावट मुद्रांक छापायचा, आणि तेही नाशिकच्या सरकारी छापखान्याने मोडीत काढलेली यंत्रे मिळवून. बँका आणि विमा कंपन्या घाऊक गिऱ्हाईक होत्या. नोव्हेंबर २००१ मध्ये तो अजमेरला पकडला गेला. जून २००२ मध्ये पुण्यात बंडगार्डन पोलिसांनी बनावट मुद्रांकांचा साठा धरला आणि प्रकरण महाराष्ट्रात पेटले. अण्णा हजारे मुंबई उच्च न्यायालयात गेले, आणि न्यायालयाने निवृत्त पोलीस महासंचालक एस. एस. पुरी यांना विशेष पथकाच्या तपासावर देखरेख ठेवायला सांगितले. पथकात सुबोध जयस्वाल होते, तेच २०२१ मध्ये सीबीआयचे संचालक झाले. पथकाला तेलगी कुठे सापडावा? कागदोपत्री मुंबई पोलिसांच्या कोठडीत असताना दक्षिण मुंबईतल्या स्वतःच्या फ्लॅटमध्ये, पोलिसांच्याच सोबतीने. डिसेंबर २००३ मध्ये याच प्रकरणात मुंबईच्या पोलीस आयुक्तांना निवृत्तीच्या दुसऱ्याच दिवशी अटक झाली (पुढे न्यायालयाने त्यांना दोषमुक्त केले). गुन्हेही अनेक राज्यांत पसरले होते. अखेर मार्च २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तपास सीबीआयकडे दिला.

२००७ मध्ये पुण्याच्या विशेष न्यायालयाने तेलगीला सक्तमजुरी आणि २०२ कोटी रुपये दंड सुनावला. ऑक्टोबर २०१७ मध्ये बेंगळुरूत त्याचा मृत्यू झाला. नाशिकच्या छापखान्यातून रेल्वेने जाणारे मुद्रांक चोरल्याचा सीबीआयचा खटला मात्र चालूच होता. डिसेंबर २०१८ मध्ये त्याचा निकाल लागला : पुराव्याअभावी तेलगी आणि इतर सगळे आरोपी निर्दोष.