स्विफ्टचे आठ घोडे कुठे गेले?

मे २०२४मध्ये मारुतीने चौथ्या पिढीची स्विफ्ट बाजारात आणली आणि गाडीवेड्या मंडळींनी कपाळाला हात लावला. आधीच्या गाडीत चार सिलिंडर आणि ९० पीएस (मेट्रिक अश्वशक्ती) ताकद. नवीत तीन सिलिंडर आणि ८२ पीएस. आठ घोडे आणि एक सिलिंडर गायब! ‘आता काय पूर्वीसारखी दणकट इंजिनं राहिली नाहीत’ हे वाक्य आपल्याकडे कुणीही, कधीही उच्चारतं. त्याला या वेळी कागदोपत्री पुरावाच सापडला.

या वाक्याला जोडून हमखास येणारं उदाहरण म्हणजे मारुती ८००. ‘ते बघा इंजिन! वर्षानुवर्षं पळालं, हूं की चूं केलं नाही.’ खरं आहे. फक्त १९८३ साली आलेल्या त्या गाडीचं ७९६ सीसीचं इंजिनही तीन सिलिंडरचंच होतं, आणि ताकद जेमतेम ३७-३९ पीएस. म्हणजे तीन सिलिंडरचं इंजिन तकलादू असतं असं म्हणायचं आणि दणकटपणाचा दाखला मात्र तीन सिलिंडरच्याच इंजिनाचा द्यायचा. तीन सिलिंडरचं इंजिन रिकाम्या गिअरमध्ये थोडं जास्त थरथरतं, हे मान्य. तीन पिस्टनांच्या ओढाताणीत इंजिनाची दोन टोकं आळीपाळीने वर-खाली झुकू पाहतात. पण ही थरथर इंजिन ज्यांवर बसतं त्या माउंटिंगच्या रबरांना त्रास देते, इंजिनाचं आयुष्य कमी करत नाही.

आता स्विफ्टची वंशावळ पाहू. २००५ची पहिली स्विफ्ट १२९८ सीसीची, ८७ पीएसची. २०१०मध्ये तिच्यात ११९७ सीसीचं नवं इंजिन बसलं, ८५ पीएस. २०११ची दुसरी पिढी ८७, २०१८ची तिसरी ८३, २०२१मध्ये इंजिन बदलून ९०, आणि २०२४ची चौथी ८२. एकोणीस वर्षांत ताकदीचा आलेख जवळजवळ आडवा. (मधल्या काळातलं ७५ पीएसचं डिझेल इंजिन मूळचं फियाटचं. पुण्याजवळच्या रांजणगावच्या कारखान्यातही ते बनायचं आणि त्यावर वेगळा लेख लिहावा इतकं ते गुणी होतं. इथे फक्त पेट्रोल.)

१२९८ वरून ११९७ वर इंजिन का आलं, याचं कारण अभियांत्रिकीत शोधू नका, ते अर्थसंकल्पात आहे. २००६ साली केंद्र सरकारने चार मीटरपेक्षा आखूड आणि १२०० सीसीच्या आतल्या पेट्रोल गाड्यांवरचं उत्पादन शुल्क २४ वरून १६ टक्क्यांवर आणलं. आपल्याकडच्या इतक्या गाड्या ११९७, ११९८, ११९९ सीसीच्या का असतात, याचं उत्तर त्या एका ओळीत आहे. त्या दिवसापासून अभियंत्यांपुढचं कोडं ठरून गेलं: सीसी वाढवायचे नाहीत, धुराचे नियम दर काही वर्षांनी आवळत जाणार, गिऱ्हाईक पहिला प्रश्न ‘कितना देती है’ हाच विचारणार, आणि गाडी दारात उभी राहिली तर कंपनीची अब्रू जाणार.

पण ‘ताकद’ म्हणजे नेमकं काय? पीएसचा आकडा हा गुणाकार आहे: टॉर्क, म्हणजे इंजिनाचा पीळ, गुणिले मिनिटाला फेरे. २००५च्या इंजिनाचा कमाल टॉर्क ११३ न्यूटन-मीटर होता, २०२४च्या इंजिनाचा ११२ आहे. शंभर सीसी कमी, एक सिलिंडर कमी, आणि पीळ जवळपास तेवढाच! फरक फेऱ्यांत आहे. जुनं इंजिन आपली ८७ पीएस ताकद ६००० फेऱ्यांवर द्यायचं, नवं ८२ पीएस ५७०० वर देतं. शिवाय २००५ची गाडी हजार किलोंच्या घरात होती, आताची नऊशेच्या घरात आहे. पुणे-सातारा रस्त्यावर खंबाटकी चढताना तुम्ही इंजिन ६००० फेऱ्यांवर नेत नाही. दोन-तीन हजारांवरच असता. तिथे त्या आठ घोड्यांपैकी एकही तुमच्या गाडीला जुंपलेला नसतो.

मग फेरे कमी का केले? इथे माझ्या आवडत्या विषयाला हात घालतो.

पेट्रोल इंजिनाकडून जास्त काम काढून घ्यायचा सर्वांत जुना मार्ग म्हणजे पेट्रोल-हवेचं मिश्रण पेटवण्याआधी जास्तीत जास्त दाबणं. पिस्टन खाली असतानाची जागा भागिले तो वर असतानाची जागा, हे झालं दाबगुणोत्तर. कार्बोरेटरवाल्या (म्हणजे पेट्रोल-हवा मिसळणारं जुनं यंत्र असलेल्या) मारुती ८००मध्ये ते ८.७ होतं, पहिल्या स्विफ्टमध्ये नऊच्या आसपास, २०२१च्या इंजिनात १२. आदर्श इंजिनाच्या शालेय सूत्रात हे आकडे घातले तर ९ला साधारण ५८ टक्के कार्यक्षमता येते आणि १२ला ६३. प्रत्यक्षातलं इंजिन यापेक्षा खूपच खाली असतं, पण वाढीची दिशा हीच. मग १९८३ सालीच १२ का नाही केलं? कारण नॉकिंग.

प्लगची ठिणगी पडली की सिलिंडरमध्ये स्फोट होतो, असं आपण शाळेत शिकलो. ते अर्धसत्य आहे. होते ती शिस्तीतली आग. ठिणगीपासून ज्वाला सगळीकडे पसरत जाते आणि तिला ७०-७५ मिलिमीटर रुंदीची खोली ओलांडायला दोन-तीन मिलिसेकंद लागतात. मिनिटाला ३००० फेऱ्यांवर एका मिलिसेकंदात क्रँकशाफ्ट, म्हणजे पिस्टन ज्याला फिरवतात तो दांडा, १८ अंश फिरतो. म्हणूनच ठिणगी पिस्टन वर पोहोचायच्या आधीच टाकावी लागते, म्हणजे पिस्टन वरून दहा-पंधरा अंश उतरला की दाब शिगेला पोहोचतो आणि त्याला सणसणीत धक्का बसतो.

आता त्या कोपऱ्यात उरलेल्या मिश्रणाचा विचार करा, जिथे ज्वाला अजून पोहोचलेली नाही. जळालेला वायू फुगून त्याला दाबतोय. दाबलं की तापमान चढतं. ज्वालेने वेळेत गाठलं तर ठीक. नाही गाठलं तर ते मिश्रण आपणहून, एकदम, सगळ्या बाजूंनी पेटतं. हा मात्र खरा स्फोट. त्याच्या दाबलहरी सिलिंडरच्या एका भिंतीवरून दुसरीवर आपटत राहतात. साधारण ७४ मिलिमीटर व्यासाच्या सिलिंडरमध्ये त्यांची वारंवारता सात हजार हर्ट्झच्या आसपास येते. चढावर चौथ्या गिअरमध्ये जोर लावला की जुन्या गाडीतून जो टकटक, खणखण आवाज यायचा, तो हाच. यालाच म्हणतात नॉकिंग.

हा आवाज इंजिनाला मारतो तो हातोड्यासारखा ठोकून, असं बऱ्याच जणांना वाटतं. खरा मारेकरी आहे उष्णता. पिस्टन ॲल्युमिनियमच्या मिश्रधातूचा. शुद्ध ॲल्युमिनियम ६६० अंश सेल्सिअसला वितळतं. ज्वाला २००० अंशांच्या वर. मग पिस्टन दर फेरीला वितळत कसा नाही? एक तर पुढच्या घोटाला गार मिश्रण आत येतं आणि खालून तेल त्याला निववतं. दुसरं, धातूला चिकटून वायूचा एक अतिशय पातळ, जवळजवळ स्थिर आणि तुलनेने गार थर असतो. कडकडीत पाण्याच्या बादलीत पाय हलू न देता ठेवला तर चटका सोसतो, कुणी पाणी ढवळलं की आपण किंचाळतो, तोच प्रकार. नॉकिंगच्या लहरी हा संरक्षक थर खरवडून काढतात. थर गेला की धातूत शिरणारी उष्णता एकदम वाढते, पिस्टनच्या कडा कुरतडल्यासारख्या झिजतात, पिस्टनभोवतीच्या रिंगांमधली पट्टी तुटते. म्हणजे ताकद वाढवणारी गोष्ट आणि इंजिन संपवणारी गोष्ट एकाच गुणोत्तराला बांधलेल्या आहेत. मोटारीच्या पिढ्यांचा इतिहास हा या दोन गोष्टी वेगळ्या करण्याचा खटाटोप आहे.

पहिला तोडगा रसायनशास्त्राने दिला, आणि तो विषारी होता. १९२१ साली जनरल मोटर्समध्ये थॉमस मिजली यांना आढळलं की पेट्रोलमध्ये शिशाचं एक संयुग चिमूटभर घातलं की नॉकिंग थांबतं. पुढची कित्येक दशकं जगभरची शहरं ते शिसं श्वासावाटे घेत राहिली. भारतात शिसेविरहित पेट्रोल देशभर लागू व्हायला १ फेब्रुवारी २००० उजाडावा लागला.

दुसरा तोडगा भूमितीचा. २०१०च्या चार सिलिंडर इंजिनात प्रत्येक सिलिंडरचा व्यास ७३ मिलिमीटर आणि पिस्टनचा प्रवास, म्हणजे स्ट्रोक, ७१.५ मिलिमीटर होता. २०२४च्या इंजिनात व्यास ७४, स्ट्रोक ९२.८. सिलिंडरचं आकारमान तिसऱ्या हिश्श्याने वाढलं, पण रुंदी फक्त एका मिलिमीटरने. त्यामुळे ज्वालेचा प्रवास जवळपास तेवढाच राहिला, पिस्टनच्या डोक्यावरची पोकळी पसरट कमी आणि आटोपशीर जास्त झाली, आणि एकूण भिंती कमी झाल्याने उष्णताही कमी गळते. किंमत कुठे मोजली? लांब स्ट्रोकमध्ये पिस्टनला तेवढ्याच वेळात जास्त अंतर कापावं लागतं. ६००० फेऱ्यांवर पहिल्या स्विफ्टच्या पिस्टनचा सरासरी वेग सेकंदाला १५ मीटर होता, नव्याचा १८.५ झाला असता. पिस्टन दर टोकाला थांबवून उलटा फिरवायचा जोर फेऱ्यांच्या वर्गाने वाढतो. म्हणून ५७००वर लगाम. आठ घोडे इथे गेले. ते हरवले नाहीत, विकले. बदल्यात प्रमाणित चाचणीत लिटरला २४.८ किलोमीटर मिळाले.

तिसरा तोडगा म्हणजे कान. इंजिन ब्लॉकवर बोल्टने आवळलेला एक छोटा पिझोइलेक्ट्रिक (थरथरीचा विजेचा इशारा करणारा) संवेदक असतो. नॉकिंगची ती ठरावीक वारंवारता त्याला ऐकू आली की संगणक पुढच्या काही ठिणग्या थोड्या अंशांनी उशिरा टाकतो, मग हळूहळू पुन्हा पुढे सरकवत नेतो. इंजिन नॉकिंगच्या उंबरठ्यावर चालतं, पण आत पाऊल टाकत नाही. जुन्या गाडीत ठिणगीची वेळ मेकॅनिक डिस्ट्रिब्युटर, म्हणजे प्लगांना वीज वाटणारा भाग, फिरवून कानाने ठरवायचा, आणि सर्वांत वाईट पेट्रोल गृहीत धरून गुणोत्तर कमी ठेवावं लागायचं. त्यात २०२१च्या इंजिनाने भर घातली ती दर सिलिंडरला पेट्रोल फवारणाऱ्या दोन इंजेक्टरांची. बारीक फवारा झडपेजवळच उडतो, बाष्पीभवन होताना मिश्रण गार करतो. शिवाय जळालेला थोडा वायू गार करून परत आत सोडला जातो. तो जळत नाही, नुसती उष्णता पितो.

आता दणकटपणाकडे. कुर्ल्याला बनणारी प्रीमियर पद्मिनी १०८९ सीसीची, ताकद चाळीसच्या आसपास. तिची शेवटची टॅक्सी मुंबईच्या रस्त्यावरून गेली ऑक्टोबर २०२३मध्ये, त्यामुळे आठवणींना भरती आली. पण त्या गाडीचा संसार आठवा: चोक ओढा, पॉइंट घासा, प्लग साफ करा, टॅपेट सेट करा, हेड उतरवून कार्बन खरवडा, आणि एक दिवस इंजिन बोअरिंगला द्या. चोक ओढल्यावर आत जाणारं जादा पेट्रोल सिलिंडरच्या भिंतीवरचं तेल धुऊन टाकायचं आणि रिंगा कोरड्या घासायच्या. पद्मिनी कुठल्याही नाक्यावर दुरुस्त व्हायची, हे तिचं मोठेपण. तिला ते वारंवार सिद्ध करावं लागायचं, ही अडचण. इंजेक्टर मोजून पेट्रोल देतो, सायलेन्सरच्या वाटेवरचा ऑक्सिजन संवेदक त्याचा हिशेब तपासतो, भिंतीवरचं तेल टिकतं. एकेकाळी दर पाच हजार किलोमीटरला बदलायचं तेल म्हणूनच आज दहा हजारांपर्यंत चालतं.

बिघाड नाहीसे झालेले नाहीत, त्यांनी घर बदललंय. पूर्वी धातू झिजायचा, आता कनेक्टरमध्ये पाणी शिरतं, ऑक्सिजन संवेदक दमतो, आणि पावसाळ्यात उबेला बॉनेटखाली आलेला उंदीर वायरी कुरतडतो. पिवळा दिवा लागतो आणि गाडी रडत-खडत गॅरेज गाठते. नाक्यावरच्या मेकॅनिकला स्कॅनर नसेल तर हात टेकावे लागतात. जुन्या पिढीचा राग खरा असेल तर तो इथे आहे, आणि तो मला रास्त वाटतो.

चाकाखाली लिंबू चिरडून नवी गाडी बाहेर काढणाऱ्यांशी माझं भांडण नाही. लिंबू स्वस्त असतं. भांडण आहे ते पेट्रोलच्या नळीवर बसवायची ‘मायलेज वाढवणारी’ चुंबकं विकणाऱ्यांशी. ‘रेणू सरळ रेषेत येतात’ म्हणे! पेट्रोलच्या रेणूंवर चुंबकाचा परिणाम इतका क्षीण असतो की नळीतून पुढे सरकताच उरतं ते फक्त पावतीवरचं बिल.

आणि इथेनॉल? २० टक्के इथेनॉल असलेल्या पेट्रोलवरून (ई-२०) सध्या जे रण माजलंय, त्याचं उत्तरही नॉकिंगमध्ये सापडतं. इथेनॉलच्या एका लिटरमध्ये पेट्रोलपेक्षा सुमारे एक तृतीयांश ऊर्जा कमी असते. त्यामुळे शुद्ध पेट्रोलच्या तुलनेत ई-२० मध्ये सहा-सात टक्के ऊर्जा कमी भरते. मायलेज घटल्याची तक्रार म्हणजे मनाचे खेळ नव्हेत. पण इथेनॉल नॉकिंगला जबरदस्त विरोध करतं. ई-२० साठी ऑक्टेन, म्हणजे नॉकिंग रोखण्याच्या ताकदीचा आकडा, किमान ९५ ठरवलंय, साध्या पेट्रोलचं ९१ होतं. उंच दाबगुणोत्तराचं इंजिन त्या चार अंकांतून काहीतरी परत मिळवू शकतं. साडेआठ-नऊ गुणोत्तराचं जुनं इंजिन मिळवू शकत नाही. त्याच्या वाट्याला फक्त घटलेली ऊर्जा आणि इथेनॉलने फुगणाऱ्या जुन्या रबरी नळ्या येतात. दारात १९९० सालची ८०० जपून ठेवली असेल, तर इंजिनाची काळजी करण्याआधी त्या नळ्या आणि कार्बोरेटरची गॅस्केटं बदलून घ्या.