सहा गोळ्या आणि फणीची वाकडी काडी

सोलापुरात आमच्या घरी यंत्रमाग होते. चादर उलगडली की बाबा एका उभ्या रेघेवरून बोट फिरवत म्हणायचे, "ही चार नंबरची." त्या मागाच्या फणीची एक काडी वाकली होती, त्यामुळे त्यावरच्या प्रत्येक चादरीत त्याच जागी रेघ यायची. त्या पाळीला मागावर कोण होतं, ते मात्र हजेरीवहीतच बघावं लागे.

पिस्तुलाच्या नळीचंही असंच. गोळीला गिरकी मिळावी म्हणून नळीत आतून मळसूत्री खाचा असतात. खाचा पाडणाऱ्या हत्याराचे बारीक ओरखडे तिथं राहतात आणि ते गोळीवर उमटतात.

१५ एप्रिल १९२० रोजी अमेरिकेतल्या साउथ ब्रेनट्री गावात बुटांच्या कारखान्याचा पगार नेणारे दोघे मारले गेले. निकोला साको आणि बार्तोलोमेओ व्हान्झेट्टी हे इटालियन पकडले गेले. दोघेही अराजकवादी, म्हणजे सरकारच नको म्हणणारे, आणि तेव्हा देशात लाल भीती, म्हणजे डाव्या क्रांतिकारकांची धास्ती, पसरलेली. युद्धात भरती टाळायला मेक्सिकोला का पळालास, हेही साकोला साक्षीत विचारलं गेलं. अशी हवा सोलापूरनेही पाहिली आहे: मे १९३० चं इंग्रजांविरुद्धचं आंदोलन, मग मार्शल लॉ, पोलिसांच्या खुनाचा खटला आणि १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात चौघांना फाशी. रोज चार हुतात्मा चौकातून जाणाऱ्याला ती हवा कळते.

मृतांच्या शरीरात सहा गोळ्या सापडल्या. पाचांवर उजव्या पिळाच्या खुणा, एकीवर डाव्या. साकोचं कोल्ट पिस्तूल डाव्या पिळाचं. डाव्या पिळाची ती तिसऱ्या क्रमांकाची गोळी त्या पिस्तुलाशी "सुसंगत" आहे, अशी साक्ष पोलीस कॅप्टन प्रॉक्टर यांनी १९२१ मध्ये दिली. ज्युरीने त्याचा अर्थ "त्यातूनच सुटली" असा घेतला. पुढे १९२३ मध्ये प्रॉक्टर यांनीच प्रतिज्ञापत्रात सांगितलं, की प्रश्नोत्तराची शब्दरचना सरकारी वकिलांशी आधी ठरली होती. गोळी त्याच पिस्तुलाची, असं थेट विचारलं असतं तर उत्तर नकारार्थी आलं असतं.

१९२७ मध्ये बंदूकतज्ज्ञ कॅल्व्हिन गोडार्ड यांनी तुलना-सूक्ष्मदर्शक वापरला. दोन सूक्ष्मदर्शक जोडलेले, बघायची भिंग एकच. अर्धी प्रतिमा एका गोळीची, अर्धी दुसरीची, आणि रेघा जुळतात का पाहायचं. त्यांच्या मते जुळल्या. त्याच वर्षी २३ ऑगस्टला दोघांना विजेच्या खुर्चीत बसवलं. १९६१ ची फेरतपासणीही गोडार्ड यांच्याच बाजूने गेली.

तरी वाद मिटला नाही, कारण प्रश्न आता ओरखड्यांचा नव्हताच. गोळी मधेच बदलली तर नाही? शंका अगदीच हवेतली म्हणवत नाही. बचावाच्या तज्ज्ञाने पिस्तुलं उघडून दाखवल्यावर नळ्यांची अदलाबदल झाल्याचं १९२४ मध्ये उघड झालं होतं.

गोळी खरी धरली, तरी ती फार तर साकोच्या पिस्तुलापर्यंत नेते. व्हान्झेट्टीबद्दल ती गप्पच. १९७७ मध्ये मॅसॅच्युसेट्सच्या गव्हर्नरांनी घोषणापत्र काढलं. त्यात दोघांना निर्दोष म्हटलेलं नाही, खटला न्याय्य नव्हता एवढंच म्हटलंय.