ऑक्टामर: हे आठ मोजले कुणी?

बारावीच्या बायोलॉजीत एक ओळ आहे, नीटची तयारी करणाऱ्या प्रत्येकाने घोकलेली. हिस्टोन नावाच्या प्रोटीनचे आठ रेणू मिळून हिस्टोन ऑक्टामर होतो आणि त्याभोवती डीएनए गुंडाळला की झाला न्यूक्लिओसोम. लातूरपासून कोट्यापर्यंत सगळ्या क्लासमध्ये यावर एक एमसीक्यू ठरलेला असतो, एचवन नावाचा हिस्टोन त्या आठात येतो का? (नाही येत, तो बाहेरून बसतो.) पण हे आठ कुणी मोजले, कसे मोजले, सहा का नाहीत किंवा दहा का नाहीत, हे काही पुस्तक सांगत नाही, आणि खरी गोष्ट तर तीच आहे.

आधी शब्दाचं उरकून घेऊ. ऑक्टा म्हणजे आठ, मेर आलं ग्रीक मेरोसवरून, म्हणजे भाग. डायमर, ट्रायमर, टेट्रामर, हेक्सामर ही सगळी त्याच घरातली मंडळी. यातला थोरला पॉलिमर, तो शब्द स्वीडनच्या बर्झेलियसने १८३३ च्या सुमारास वापरात आणला, पण त्याच्या डोक्यात आजचं प्लास्टिक वगैरे काही नव्हतं, ज्या पदार्थांत अणूंचं प्रमाण तेच पण रेणूचं वजन पटीत वाढलेलं अशांना तो पॉलिमर म्हणायचा. लांबच लांब साखळ्यांची कल्पना श्टाउडिंगरने १९२० मध्ये मांडली आणि ती पचायलाही रसायनवाल्यांना बराच वेळ लागला. तर ऑक्टामर म्हणजे आठ घटकांची जुळणी. ते घटक पक्क्या बंधाने साखळीत गुंफलेले असोत किंवा आठ प्रोटीन नुसती एकमेकांना चिकटून बसलेली असोत, दोन्हीला हाच शब्द चालतो. आठही एकसारखे असले तर होमो-ऑक्टामर, वेगवेगळे असले तर हेटेरो-ऑक्टामर. हिस्टोनवाला दुसऱ्या प्रकारचा, कारण त्यात एचटूए, एचटूबी, एचथ्री आणि एचफोर असे चार प्रकार, प्रत्येकी दोन. रसायनातलं ते इलेक्ट्रॉनचं अष्टक म्हणजे ऑक्टेट, त्याचा याच्याशी काही संबंध नाही. आणि ऑक्टाहेड्रल तर अजूनच फसवं, आकृतीला बाजू आठ पण मधल्या अणूला शेजारी सहाच, त्यामुळे आठ दिसलं की ऑक्टामर असं करू नका.

आता गोष्ट. १८६९ मध्ये जर्मनीत ट्युबिंगेनच्या किल्ल्यातल्या जुन्या स्वयंपाकघरात लॅब होती, तिथे फ्रीडरिश मीशर नावाचा स्विस तरुण हॉस्पिटलातून आलेल्या पूभरल्या पट्ट्या धुऊन पेशी गोळा करत बसायचा आणि त्यातून त्याला न्यूक्लीन मिळालं, म्हणजे आजचा डीएनए. हे सगळ्यांना माहीत असतं. त्यानंतर पंधरा वर्षांनी, १८८४ मध्ये, आल्ब्रेश्ट कोसेलने हंसाच्या तांबड्या रक्तपेशी घेतल्या. हंसच का, तर पक्ष्यांच्या तांबड्या पेशीत केंद्रक शाबूत असतं, आपल्या पेशीतलं गळून गेलेलं असतं. त्या केंद्रकातून त्याने आम्ल वापरून एक प्रोटीन वेगळं केलं आणि नाव ठेवलं हिस्टोन. कोसेलला १९१० चं नोबेल मिळालं, पेशीच्या रसायनावरच्या कामाबद्दल.

आणि मग काय, जवळजवळ काहीच नाही! आनुवंशिकता प्रोटीनमध्ये की डीएनएमध्ये हा वाद सुरू होता तोवर हिस्टोनला थोडा भाव होता, डीएनए जिंकल्यावर तोही गेला. स्टेडमन दांपत्याने १९५० च्या आसपास सुचवून पाहिलं की हिस्टोन जीन्सना दाबून ठेवत असावेत, पण बहुतेकांच्या लेखी हिस्टोन म्हणजे डीएनएवर चढवलेलं आवरण, एवढंच. त्यातून नावांचा गोंधळ वेगळाच होता. प्रत्येक लॅबची आपली नावं, लंडनच्या अर्नेस्ट जॉन्सची एफवन, एफटूएवन, एफटूएटू असली पद्धत, आज वाचताना डोकं धरायची वेळ येते. एचवन ते एचफोर ही सुटसुटीत नावं सत्तरीच्या मध्यात एकमताने ठरली, तोवर एकाच प्रोटीनला तीन-तीन नावं होती.

१९६९ मध्ये मात्र एक विचित्र गोष्ट कळली. वासराच्या थायमसमधला एचफोर आणि वाटाण्याच्या रोपातला एचफोर यांची अक्षरं जुळवली गेली, म्हणजे अमिनो आम्लांचा क्रम हो, तर १०२ पैकी फक्त २ जागी फरक! वासरू आणि वाटाणा यांचा समान पूर्वज शंभर कोटी वर्षांच्या पलीकडचा, आणि एवढ्या काळात दोनच अक्षरं बदलली याचा अर्थ हे प्रोटीन काहीतरी असं काम करतं की एक अक्षर इकडचं तिकडे झालं तरी चालत नाही. नुसत्या आवरणाला इतकी शिस्त कशाला लागेल, मला वाटतं खरा संशय इथून सुरू व्हायला हवा होता.

पुढचा धागा ऑस्ट्रेलियातून आला. १९७३ मध्ये हेविश आणि बर्गॉइन या दोघांनी उंदराच्या लिव्हरमधली केंद्रकं घेतली आणि केंद्रकातल्याच एन्झाइमला आतला डीएनए कापू दिला. तुकडे कसेही वेडेवाकडे पडतील असं कुणालाही वाटेल, पण जेलवर, जिथे तुकडे लांबीप्रमाणे वेगळे होतात, आली शिडी, म्हणजे एका ठरावीक लांबीचे तुकडे, मग तिच्या दुप्पट, तिप्पट, चौपट. म्हणजे डीएनएवर काहीतरी सारख्या अंतराने बसलंय आणि कात्री फक्त दोन बसक्यांच्या मधेच चालतेय. ते अंतर निघालं साधारण २०० बेस जोड्यांचं (डीएनएची लांबी याच जोड्यांत मोजतात).

त्याच सुमारास अमेरिकेत ओलिन्स नवरा-बायको इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोपखाली फोडलेली केंद्रकं बघत होते आणि त्यांना बारीक धाग्यावर ओवल्यासारखे गोल मणी दिसत होते, त्यांनी त्यांना न्यू बॉडीज (न्यू हे ग्रीक अक्षर) म्हटलं आणि १९७४ ला छापलं. क्रिस वुडकॉकलाही तेच दिसलं होतं, पण त्याचा पेपर परत आला. परीक्षकाचं म्हणणं असं की हे खरं धरलं तर पाठ्यपुस्तकं नव्याने लिहावी लागतील, इतका भाबडा पेपर मी वाचला नाही. पुस्तकं खरंच नव्याने लिहावी लागली, ते सोडा.

पण मणी दिसले म्हणून मण्यात किती प्रोटीन हे कळत नाही. ते गणित मांडलं केंब्रिजच्या एमआरसी लॅबमधल्या रॉजर कॉर्नबर्गने, तेव्हा तो तिशीच्या आतच होता. जीन थॉमससोबत त्याने दाखवलं होतं की द्रावणात एचथ्री आणि एचफोर दोन-दोन करून चौघांची टोळी करतात, टेट्रामर. एचटूए-एचटूबीचं प्रमाण साधारण तेवढंच असतं. आणि क्रोमॅटिनमध्ये, म्हणजे केंद्रकातल्या डीएनए-प्रोटीनच्या गुंत्यात, डीएनए आणि हिस्टोनचं वजन जवळजवळ समसमान असतं हे आधीपासून ठाऊक होतं. आता हिशेब करून बघा. २०० बेस जोड्यांचं वजन होतं साधारण १ लाख ३० हजार डाल्टन (रेणूंचं वजन मोजायचं एकक). चारही हिस्टोन प्रत्येकी दोन घेतले तर होतात १ लाख ८ हजारच्या आसपास, वर एक एचवन टाका, वीसेक हजारांचा, की तराजू बरोबर सारखा! सहा घेतले तर कमी पडतात, दहा घेतले तर जास्त होतात. १९७४ मध्ये सायन्स या नियतकालिकात हे आलं, आणि त्या क्षणी आठ हा आकडा कुणी डोळ्यांनी पाहिलेला नव्हता, वजनकाट्यावरून काढलेला होता. मला या सगळ्या इतिहासातला हा भाग सर्वांत जास्त आवडतो.

पडताळा लगेच पुढच्या वर्षी. थॉमस आणि कॉर्नबर्गने १९७५ मध्ये चक्क गोंद वापरला, डायमिथाइल सुबेरिमिडेट नावाचा, जो शेजारी असलेल्या दोन लायसिनना (हे एक अमिनो आम्ल) एकमेकांना जखडतो. जवळ असलेले हिस्टोन जखडले गेले की मग डिटर्जंट लावून जेलवर सोडायचे, जे जखडलेत ते एकत्र पळतात, बाकीचे सुटे. गोंद अर्धवट लागला की जेलवर पायऱ्या दिसतात, एकट्याची, दोघांची, तिघांची असं करत वर, आणि मीठ भरपूर असलेल्या द्रावणात डीएनए काढून टाकलेला असतानाही ही मोजणी आठावर जाऊन थांबते. पेपरच्या नावातच ऑक्टामर शब्द होता. न्यूक्लिओसोम हे नाव त्याच वर्षी फ्रान्समधल्या श्ट्रासबुर्गच्या पिएर शांबोंच्या लॅबने दिलं.

पण आता त्या मिठाकडे नीट बघा. मीठ २ मोलर होतं, समुद्राच्या पाण्याच्या तिपटीहून जास्त खारट. पेशीत जेवढं मीठ असतं तेवढंच ठेवलं आणि डीएनए काढून घेतला, तर हा ऑक्टामर टिकतच नाही, फुटून एक टेट्रामर आणि दोन डायमर होतात. म्हणजे पुस्तकात जो तयार आठ तोंडांचा ठोकळा दाखवतात आणि त्यावर रिळावर दोरा गुंडाळावा तसा डीएनए गुंडाळतात, तसा सुटा ठोकळा पेशीत फिरत नसतो. आधी एचथ्री-एचफोरचा टेट्रामर डीएनएवर बसतो, मग दोन्ही बाजूंनी एचटूए-एचटूबीचे डायमर येतात. काढतानाही उलट क्रम, आधी डायमर सुटतात. क्लासमध्ये हे कुणी सांगत नाही, का ते कळत नाही, कारण हे सांगितलं तर दोन-दोन प्रती का हेही आपोआप लक्षात येतं.

चित्र मिळायला अजून वीसेक वर्षं गेली. १९८४ मध्ये केंब्रिजच्या आरोन क्लुगच्या गटाने स्फटिकावर एक्स-रे टाकून ७ अँगस्ट्रॉमचं धूसर चित्र काढलं (अँगस्ट्रॉमचा आकडा जितका लहान तितकं चित्र स्पष्ट). १९८५ मध्ये अमेरिकेतल्या जॉन्स हॉपकिन्सच्या मुड्रियानाकिसच्या गटाने नुसत्या ऑक्टामरचं ३.३ अँगस्ट्रॉमचं चित्र छापलं, ते लांबट आणि मोठं निघालं, केंब्रिजवाल्यांच्या चित्राशी जुळेचना, आणि सायन्समध्ये जाहीर भांडण झालं. शेवटी १९९१ मध्ये त्याच हॉपकिन्सच्या गटाने सुधारलेलं चित्र दिलं आणि ते जुळलं. मग १९९७, झुरिकमध्ये कॅरोलिन लुगर, टिम रिचमंड आणि मंडळी, २.८ अँगस्ट्रॉम. यासाठी बेडकाचे हिस्टोन ई. कोलाय या जिवाणूत बनवून घेतले होते, कारण जनावरातून काढलेल्या हिस्टोनवर नाना रासायनिक खुणा असतात आणि त्याने स्फटिक चांगले येत नाहीत. डीएनए १४६ जोड्यांचा, ऑक्टामरभोवती साधारण १.६५ वेढे. पुढे आकडा १४७ स्थिरावला.

म्हणून पोरांचा नेहमीचा प्रश्न, २०० खरं की १४७? दोन्ही. १४७ म्हणजे आठांना प्रत्यक्ष वेढणारा भाग, २०० म्हणजे त्यात दोन मण्यांमधला जोडधागा धरून, आणि तो जोडधागा पेशीप्रमाणे कमीजास्त असतो. माणसाच्या एका पेशीत असे साधारण ३ कोटी न्यूक्लिओसोम बसतात.

आठावर सगळे खूश होते असंही नाही. गुणसूत्राच्या सेंट्रोमिअरवर, म्हणजे पेशी विभागताना गुणसूत्र जिथून ओढलं जातं त्या जागी, एचथ्रीऐवजी त्याचा एक वेगळा भाऊ बसतो. २००७ मध्ये यामिनी दलाल आणि स्टीव्हन हेनिकॉफ वगैरेंनी फळमाशीत दाखवलं की तिथे आठ नसून चारच आहेत, अर्धा मणी. मग २०११ ला जपानी गटाने माणसाच्या प्रोटीनचा स्फटिक काढला आणि त्यात आठ निघाले. त्यावर अनेक वर्षं पेपरामागून पेपर झाले, पारडं आज आठाकडे झुकलेलं आहे. आणि आर्किया नावाच्या सूक्ष्मजीवांतही हिस्टोन असतात, पण त्यांच्यात आठावर थांबायचा नियमच नाही, डायमरला डायमर लागत जातो आणि डीएनए त्याभोवती लांब स्प्रिंगसारखा फिरतो, हे २०१७ मध्ये लुगर यांच्याच लॅबने दाखवलं.

आता दुसरा ऑक्टामर, ज्याच्यामुळे सर्च करणाऱ्याची पंचाईत होते. १९८४ मध्ये अँटिबॉडी बनवणाऱ्या जीन्सच्या सुरुवातीला पुन्हापुन्हा तीच आठ अक्षरं सापडली, एटीजीसीएएएटी. या आठ अक्षरांच्या तुकड्यालाही ऑक्टामर म्हणू लागले. मग त्याला चिकटणारी प्रोटीनं सापडली आणि त्यांची नावं पडली ऑक्ट-वन, ऑक्ट-टू, आणि १९९० च्या सुमारास ऑक्ट-फोर (काही लॅबवाले त्याला ऑक्ट-थ्री म्हणतात, म्हणून बऱ्याच ठिकाणी ऑक्ट-थ्री-फोर असं जोडनाव दिसेल). हाच तो ऑक्ट-फोर जो क्योटोच्या शिन्या यामानाकांनी २००६ मध्ये आणखी तीन प्रोटीनच्या जोडीला वापरून उंदराच्या साध्या त्वचापेशीला परत स्टेमसेलसारखं केलं आणि २०१२ चं नोबेल घेतलं. ऑक्ट-फोर आठ भागांचा नाही हं, आठ त्याने पकडलेल्या डीएनएच्या अक्षरांत आहेत. जीनचं अधिकृत नाव तर पीओयूफाइव्हएफवन असं आहे, ते कुणी बोलत नाही. छोट्या प्रोटीन साखळीत आठ अमिनो आम्लं असली तर बहुतेक जण ऑक्टापेप्टाइड म्हणतात, ब्लडप्रेशरवाला अँजिओटेन्सिन-टू तसा आहे.

आठ मोजणं किती अवघड ते कळायला शेवटचं एक उदाहरण पुरे. टीबीच्या जंतूचा निरुपद्रवी नातेवाईक मायकोबॅक्टेरियम स्मेग्मॅटिस, त्याच्या बाहेरच्या कातडीत एमएसपीए नावाची नळी असते, तिच्यातून अन्नाचे रेणू आत जातात. आज नॅनोपोअरमधून, म्हणजे अतिसूक्ष्म भोकातून, डीएनए वाचायच्या प्रयोगांत ती फार कामी आली, कारण तिचा गळा अगदी अरुंद आणि आखूड आहे. २००२ च्या पेपरच्या शीर्षकातच तिला टेट्रामर म्हटलं होतं, चार भागांची नळी. २००४ मध्ये स्फटिकाचं चित्र आलं, त्यात भाग होते आठ.