जिबलीतला दुसरा म्हातारा

जिबली या जपानी अ‍ॅनिमेशन स्टुडिओचं नाव काढलं की सगळे दिग्दर्शक मियाझाकीचं नाव घेतात, घ्यावंच, पण तो स्टुडिओ काढायची वेळ ज्याच्यामुळे आली तो माणूस वेगळा, इसाओ ताकाहाता. वेळ आली म्हणजे खरंच वेळ आली, कारण ह्याच्या हातात काम दिलं की तारीख आणि बजेट दोन्ही गेलंच समजायचं.

आणि एवढा मोठा अ‍ॅनिमेशनचा दिग्दर्शक, पण अ‍ॅनिमेटर, म्हणजे स्वतः चित्रं काढणारा, नव्हता! टोकियो युनिव्हर्सिटीत फ्रेंच साहित्य शिकला, पॉल ग्रिमो नावाच्या फ्रेंच दिग्दर्शकाची फिल्म बघून डोक्यात किडा शिरला आणि १९५९ला तोएई या अ‍ॅनिमेशन कंपनीत लागला. तिथे युनियनच्या कामात मियाझाकीशी गट्टी जमली. पहिला सिनेमा 'होर्स', १९६५ला सुरू झाला तो १९६८ला बाहेर आला, चालला नाही, आणि तोएईने परत कधी सिनेमा दिला नाही. आज तोच सिनेमा जपानी अ‍ॅनिमेशनला वळण देणारा मानतात, तेव्हा मात्र नुसता खर्च दिसला.

१९७१ला दोघं तोएई सोडून 'पिप्पी लाँगस्टॉकिंग' या मुलांच्या पुस्तकावर कार्टून करायला बाहेर पडले, तर लेखिकेने परवानगीच दिली नाही. मग १९७४ला टीव्हीवर 'हायडी', आल्प्समधल्या मुलीची गोष्ट, ५२ भाग. त्यासाठी टीम घेऊन स्वित्झर्लंडला जाऊन आले, टीव्हीच्या कार्टूनसाठी तेव्हा कोण एवढं करायचं! त्यात मोठे प्रसंग कमीच, चीज भाजणं, गवतावर झोपणं, बकऱ्या, तरी लोक बघत बसले, माझ्या मते ताकाहाताचं सगळं सार तिथेच आहे. (आपण दूरदर्शनवर रविवारी सकाळी बघायचो तो मोगली निप्पॉन अ‍ॅनिमेशनचा, आणि ती कंपनी हायडी बनवणाऱ्या स्टुडिओतूनच पुढे निघाली.)

आता जिबलीची गोष्ट. १९८४च्या मियाझाकीच्या 'नाउसिका' सिनेमाचा ताकाहाता प्रोड्युसर होता. त्यातून मियाझाकीकडे पैसे आले, ते त्याने ताकाहाताला यानागावा गावातल्या कालव्यांवर डॉक्युमेंटरी करायला दिले. झालं, पैसे संपले आणि फिल्म काही संपेना. मग ते भरून काढायला मियाझाकीने नवा सिनेमा करायचा ठरलं, तो 'लापुता', त्यासाठी स्टुडिओ हवा, म्हणून १९८५ला जिबली. कालवे पडद्यावर आले १९८७ला, म्हणजे लापुता लागून गेल्यावर.

'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज' १९८८चा, मियाझाकीच्या 'तोतोरो'च्या जोडीला लागलेला. युद्धात एकट्या पडलेल्या भावाबहिणीची मूळ कथा लेखक नोसाकाची, पण १९४५च्या जूनमध्ये ओकायामा शहरावर बॉम्ब पडले तेव्हा नऊ वर्षांचा ताकाहाता एका बहिणीबरोबर आईवडिलांपासून ताटातूट होऊन आगीतून पळाला होता, ते त्यात उतरलंय. बघताना रडून बेजार होतो आपण, आणि हा म्हणायचा की ही युद्धविरोधी फिल्म नाही! हीसुद्धा वेळेत झाली नाही, काही शॉट रंग न भरताच थिएटरात गेले.

मग 'ओन्ली यस्टरडे', 'पोम पोको', आणि १९९९चे 'यामादा', ते पडले. त्यानंतर थेट चौदा वर्षांनी 'कागुया'. पाण्यात विरघळल्यासारखे रंग, अर्धवट सोडलेल्या रेषा, काम करायला आठेक वर्षं. २०१३च्या उन्हाळ्यात मियाझाकीच्या 'विंड रायझेस'बरोबर लावायचा बेत होता, १९८८सारखाच, पण झाला कुठे तयार, तो आला नोव्हेंबरात. ऑस्करचं नामांकन मात्र मिळालं.

५ एप्रिल २०१८ला ८२व्या वर्षी गेला. मे महिन्यात मिताकाच्या जिबली म्युझियममध्ये निरोपाचा कार्यक्रम झाला, तिथे मियाझाकी म्हणाला की मी धरूनच चाललो होतो की पाकू-सान ९५ वर्षं जगणार. पाकू हे टोपणनाव तोएईच्या दिवसांतलं, सकाळी अगदी शेवटच्या मिनिटाला धावत यायचा, पाकू-पाकू करत पाव चावायचा आणि वर नळाचं पाणी प्यायचा, म्हणून.