वेग खाणारी हवा

मोठ्या स्पर्धांच्या वेळी टीव्हीवर एखाद्या स्पोर्ट्स इंजिनिअरला बोलावतात, तो स्क्रीनवर सायकलस्वाराभोवती हवा कशी वाहते त्याच्या लाल-निळ्या रेषा दाखवत बोलायला लागतो आणि बरेच जण तिथेच चॅनल बदलतात. बदलू नका, खरी गंमत तिथेच आहे. ताकद कशी वाढवायची यापेक्षा हवा खाते ती ताकद कशी वाचवायची, हेच तो सांगत असतो.

हवेचा विरोध वेगाच्या वर्गाने वाढतो आणि त्याच्याशी झगडायला लागणारी पॉवर तर घनाने. म्हणजे ताशी ४० किमीने जाणाऱ्याला ४४ ने जायचं असेल तर वेग वाढला फक्त १० टक्के, पण हवेपायी पॉवर लागते ३३ टक्के जास्त! एवढी ताकद पायात आणायची कुठून, म्हणून मग रायडर खाली वाकतो, कोपरं आत घेतो, डोकं खांद्यांमध्ये दडवतो, कारण सपाट रस्त्यावर या वेगाला बहुतेक मेहनत हवेवरच जाते आणि त्यातही सायकलपेक्षा माणसाचं अंगच जास्त आडवं येतं.

त्या रेषा बघायच्या त्या पाठीमागच्या. समोरून हवा आपटते हे सगळ्यांनाच कळतं, पण हवा अंगाला लागून वाहता वाहता एका जागी सुटते आणि मागे भोवऱ्यांचा, कमी दाबाचा पट्टा तयार होतो, तो माणसाला मागे ओढतो. म्हणूनच काही स्किनसूटच्या, म्हणजे रायडरच्या अंगाला घट्ट बसणाऱ्या पोशाखाच्या, बाह्यांना मुद्दाम खरखरीत कापड लावतात. उलटं वाटतं ना? पण खरखरीत कापडामुळे अंगालगतचा हवेचा पातळ थर खवळतो, खवळलेला थर दंडाला जास्त लांबवर चिकटून राहतो आणि मागचा पट्टा लहान होतो. गोल्फ बॉलवरचे खळगे हेच करतात.

२०१९ मध्ये व्हिएन्नात केनियाचा धावपटू एलियुड किपचोगे मॅरेथॉनचं अंतर १ तास ५९ मिनिटं ४० सेकंदांत धावला, तेव्हा त्याच्यापुढे पाच पेसर, म्हणजे वेग धरून द्यायला सोबत धावणारे, होते आणि मागे दोन. मागचे दोघं कशाला? पाठीमागचा तोच कमी दाबाचा पट्टा लहान व्हावा म्हणून! पेसर आळीपाळीने बदलत होते, त्यामुळे तो वर्ल्ड रेकॉर्ड धरला नाही. शंभर मीटरलाही पाठून वारा सेकंदाला २ मीटरपेक्षा जास्त असला की रेकॉर्ड मान्य होत नाही.

पाण्यात तर हा खेळ आणखी अवघड, कारण पाणी हवेपेक्षा साधारण ८०० पट दाट. पॉलियुरेथेनचे, म्हणजे एका रबरासारख्या प्लॅस्टिकचे स्विमसूट आले, अंग आवळून धरायचे, पाण्यावर थोडं उचलायचेही, आणि २००९ च्या रोममधल्या जागतिक स्पर्धेत तब्बल ४३ वर्ल्ड रेकॉर्ड पडले. जिंकलं कोण, पोहणारा की सूट, हेच कळेना. २०१० पासून त्यांच्यावर बंदी आली आणि माझ्या मते ते अगदी योग्य झालं. आता सूट कापडाचाच लागतो, पुरुषांना कमरेपासून गुडघ्यापर्यंतच, त्यामुळे इंजिनिअर लोकांचं लक्ष पुन्हा भिंतीला लाथ मारून पाण्याखाली सरकण्याच्या त्या पहिल्या १५ मीटरवर आलंय.