सिंहली टेलीनाट्य

श्रीलंकेत टीव्ही सिरीयलला 'टेलीनाट्य' म्हणतात, म्हणजे नाट्य आपलंच, पुढे फक्त टेली चिकटवलंय. तिथे टीव्ही आला १९७९ च्या एप्रिलमधे आयटीएन चॅनलवरून, मग जपानच्या मदतीने फेब्रुवारी १९८२ मधे सरकारी रूपवाहिनी सुरू झाली (हे नाव आपल्याला डिक्शनरी न उघडता कळतं), आणि डी. बी. निहालसिंघे यांची 'दिमुतु मुतु' आली, तीच पहिलं सिंहली टेलीनाट्य धरतात.

सुरुवातीला आठवड्याला एकच भाग असायचा, कथा कादंबरीच्या अंगाने जाणारी, आणि सिनेमातले लोक दिग्दर्शनाला. खेड्यात लाईट नसायची तर कारच्या बॅटरीवर टीव्ही चालवायचे, बॅटरी उतरली की गावात नेऊन चार्ज करून आणायची, त्यामुळे काय बघायचं आणि काय सोडायचं हे विचार करूनच ठरायचं. आयटीएनवरचं 'कोपी कडे' १९८७ पासूनचं, गावातलं कॉफीचं दुकान आणि तिथे जमणाऱ्या लोकांच्या गप्पा, एवढंच, पण तेवढ्यावर ते वर्षानुवर्षं चाललं.

डबिंगचा किस्सा वेगळाच आहे. रूपवाहिनीत टायटस थोटवत्त या सिनेदिग्दर्शकाने नुसतं भाषांतर न करता पात्रांना अस्सल सिंहली बोली दिली. बग्ज बनी तिथे 'हा हा हरि हावा' झाला (हावा म्हणजे ससा) आणि पोरांना तो परदेशी वाटलाच नाही. जपानी 'ओशिन'ही घराघरात पोचली, पुढे कोरियन आणि हिंदी सिरीयल आल्या, मग स्थानिक कलाकारांची ओरड सुरू झाली की आमचं काम जातंय, आणि सरकारने बाहेरच्या मालावर कर लावला.

खाजगी चॅनल वाढले तसं रोज रात्री अर्धा तास, म्हणजे 'मेगा'चं युग आलं. तेरा-वीस भागांत आटपणारी गोष्ट आता शेकड्यांनी लांबते, सासू, वारसा, गैरसमज, सगळं ओळखीचं. तरी २०१७ ला देरणा चॅनलवर सुरू झालेली 'देवेनि इनिम' (दुसरी इनिंग) शाळेतल्या क्रिकेटवर बेतलेली, आणि क्रिकेटवेड्या देशात ती हजाराच्या वर भाग चालली यात नवल नाही. लोकप्रियता किती, तर 'पबा' मालिकेची नायिका उपेक्षा स्वर्णमाली २०१० ला गम्पहा जिल्ह्यातून थेट खासदार झाली, आणि लोक तिला पबा म्हणूनच ओळखत होते. आता आखातात कामाला गेलेले लोक हेच भाग रात्री यूट्यूबवर बघतात.