पडला तरी परिषदेवर घेतील?

इंदूरच्या मराठी घरांत निवडणुकीनंतर हमखास ऐकू येतं, ‘पडला तरी काय, परिषदेवर घेतील!’ पुण्या-मुंबईचे पाहुणे तर छातीठोकपणे सांगतात. नाही घेणार. मध्य प्रदेशात विधान परिषदच नाही. आमदार तेवढे २३० आणि सगळे विधानसभेचे. घोळ मुळात संविधानातलाच. कलम १६८ मध्ये परिषद असलेल्या राज्यांत मध्य प्रदेशाचं नाव छापलेलं आहे; पण १९५६ च्या सातव्या घटनादुरुस्तीतली ती तरतूद कधी अंमलात आलीच नाही.

आमदार नसतानाही मंत्री होता येतं, पण सहाच महिने. उद्धव ठाकरे नोव्हेंबर २०१९ मध्ये मुख्यमंत्री झाले आणि मे २०२० मध्ये परिषदेवर गेले. आपल्या इंदूरजवळच्या सांवेरच्या तुलसी सिलावटांना ती सोय नव्हती. मार्च २०२० मध्ये आमदारकी सोडली, एप्रिलमध्ये मंत्री झाले. सहा महिने भरले तरी पोटनिवडणूक झालेली नव्हती, म्हणून ऑक्टोबरमध्ये मंत्रिपदही सोडावं लागलं. नोव्हेंबरमध्ये ते जिंकले (चांगल्या मतांनी, हेही खरं), आणि पुन्हा शपथ झाली ती जानेवारी २०२१ मध्ये.